बंद घड्याळाचे टोले

चौकातलं मोठं घड्याळ बंद पडून अकरा वर्षं झाली होती, आणि एवढ्या काळात घरात त्याचं नाव निघालं असेल तर ते फक्त पत्ता सांगताना. घड्याळापासून डावीकडे वळलं की छापखाना. पण गेले पंधरा दिवस त्याच घड्याळापायी दोघे सख्खे भाऊ एकमेकांशी बोलत नव्हते. ते दुरुस्त झालं तर रात्री त्याने टोले द्यावेत की गप्प राहावं, एवढाच वाद. दुरुस्त करायचं कुणी मनावर घेतलेलं नव्हतं. बाजारात तुरी म्हणतात तसला हा प्रकार, आणि इथे तर बाजारही अजून भरायचा होता.

थोरल्याचं म्हणणं, टोले हवेतच. वडील पाचच्या टोल्याला उठायचे आणि सहाच्या टोल्याला छापखान्याचं दार उघडायचे. त्या आवाजावर हे घर उभं राहिलं. धाकट्याला तरुणपणापासून झोप कमी. तो म्हणायचा, बारा टोले मोजायचे आणि संपले की एकच्या टोल्याची वाट बघत पडायचं, हा कुठला न्याय? पहिल्या दिवशी भांडण टोल्यांपुरतंच होतं. दुसऱ्या दिवशी ते वीस वर्षांपूर्वी मशीन कुणाच्या हट्टाने घेतलं तिथवर गेलं. तिसऱ्या दिवशी थोरल्याच्या लेकीच्या लग्नातल्या फोटोत मागच्या रांगेत कोणाला उभं केलं हे निघालं, आणि चौथ्या दिवशी कोपऱ्यावरच्या वकिलाकडे वाटणीचा मसुदा करायला टाकला.

तेव्हापासून दोघांमधलं सगळं बोलणं ताईमार्फत चालत होतं. ताई दोघांहून मोठी. तिने लग्न केलं नव्हतं. कागदाच्या कोठारामागच्या खोलीत ती राहायची आणि छापखान्यात प्रूफं वाचायची. या छापखान्यातून कसलाही कागद बाहेर जायचा तर आधी तो ताईच्या भिंगाखालून जायचा, मग त्यावर एका कोपऱ्यात "वाचले" असं लिहून ती सही करायची. हे काम तिने चाळीस वर्षं केलं होतं. निरोप्याचं काम मात्र तिला नवं होतं आणि अजिबात जमत नव्हतं.

"ताई, त्याला सांग, काळी शाई संपत आली आहे," धाकट्यापासून दोन हातांवर उभा असलेला थोरला म्हणायचा.

"ताई, त्याला सांग, मला डोळे आहेत," धाकटा म्हणायचा.

"त्याला डोळे आहेत," ताई थोरल्याला सांगायची आणि पुन्हा भिंग उचलायची.

आज रविवार. दुपारी सगळ्यांनी एकत्र जेवायचं, जेवण झाल्यावर मसुदा वाचायचा आणि सह्या करायच्या, असं ठरलं होतं. त्यासाठी थोरल्याची लेक आणि जावईबापू सकाळीच येऊन पोचले होते. जावई म्हणजे दहावा ग्रह असं जुनी माणसं म्हणत. या घरच्या जावयाला तर ग्रह फिरवायचा पगार मिळत होता. निवडणुकीत कुणाला कोणता मजकूर पाठवायचा, कोणत्या गल्लीत काय बोलायचं आणि काय अजिबात बोलायचं नाही, हे उमेदवाराला सांगायचं त्यांचं काम. सध्या ते शिडी चिन्हावर उभ्या राहिलेल्या दातांच्या डॉक्टरांसाठी काम करत होते.

छापखान्यासमोर सहा महिन्यांपासून एक लांबलचक खड्डा होता. नळ टाकायला म्हणून खणला आणि तसाच सोडला. तो खणायला लावला गेल्या वेळी निवडून आलेल्या याच दातांच्या डॉक्टरांनी. पण त्याबद्दल गावात कुणी भांडत नव्हतं, कारण तो सगळ्यांनाच नकोसा होता. भांडायला दुसरी बाजूही लागते.

*

जावईबापू त्या सकाळी फार खुशीत होते. त्यांच्या बॅगेत दोन मजकूर होते. एक घड्याळाच्या वरच्या अंगाला असलेल्या जुन्या वस्तीसाठी, दुसरा खालच्या नव्या वसाहतीसाठी. जुन्या वस्तीचा मजकूर म्हणत होता, शिडीला मत द्या, टोले पुन्हा वाजतील. नव्या वसाहतीचा म्हणत होता, शिडीला मत द्या, तुमची झोप आम्ही मोडू देणार नाही. दोन्ही चार वाजायच्या आत हवे होते, हजार इकडे, हजार तिकडे.

दुसरा कुणी असता तर त्याने दोन मजकूर दोन गावांतल्या छापखान्यांत दिले असते. पण जावईबापूंचा हिशेब वेगळा होता. दोन छापखाने म्हणजे चार तोंडं. इथे एकाच छापखान्यात दोन माणसं होती आणि ती एकमेकांशी बोलत नव्हती. यापेक्षा सुरक्षित जागा कुठली?

सकाळी सातला त्यांनी पहिला मजकूर सासऱ्यांच्या हातात ठेवला. "बाबा, हा तुमच्या मनातलाच आहे बघा. फक्त काकांना कळता कामा नये."

थोरल्याने वाचला. "आपलं कुणीतरी ऐकतंय तर."

"आणि आत्यांनाही दाखवू नका. गुप्त आहे."

"ताईला न दाखवता?" थोरला जरा घुटमळला. "तसं कधी केलं नाही."

"बाबा, गुप्त म्हणजे गुप्त."

साडेनऊला दुसरा मजकूर काकांच्या हातात गेला, तीच वाक्यं, फक्त सासऱ्यांच्या जागी काका आणि काकांच्या जागी सासरे. धाकट्याने तो खिशात घातला आणि म्हणाला, "डॉक्टर बाकी समजूतदार आहेत. माझ्या दाढा काढल्या तेव्हाच मला वाटलं होतं." मग जावईबापूंनी चहा मागितला आणि खुर्चीत मागे रेलून बसले. इतक्या कमी श्रमात इतकं चोख काम त्यांनी बऱ्याच दिवसांत केलं नव्हतं.

भांडण सुरू झाल्यापासून भावांनी मशीनच्यासुद्धा वेळा वाटून घेतल्या होत्या. सकाळी दहापर्यंत थोरला, पुढे धाकटा. थोरल्याने आपली हजार पत्रकं काढली आणि गठ्ठा ठेवायला वळला तर उजवं टेबल ओल्या पोस्टरांनी भरलेलं. म्हणून त्याने तो डाव्या टेबलावर ठेवला, छापलेली बाजू खाली, कोरी वर, कारण त्यावर काय छापलंय ते धाकट्याला दिसू नये. गुप्त म्हणजे गुप्त. हात पुसून तो निघून गेला.

आता या छापखान्याची तीस वर्षांची रीत अशी, की डाव्या टेबलावर कोरी बाजू वर करून ठेवलेला गठ्ठा म्हणजे अर्धं काम. पोट छापून झालं, पाठ छापायची राहिली. एरवी धाकटा गठ्ठा उचलताना विचारायचा, "पाठ?" थोरला म्हणायचा, "पाठ." तीस वर्षं एवढ्या दोन शब्दांवर पाठपोट छपाई चालली होती. आज विचारणारा गप्प आणि सांगणारा जागेवर नाही. दहा वाजता धाकटा आला, मनात वाटणीचे विचार घोळत होते. हातांनी त्यांच्या सवयीने डाव्या टेबलावरचा गठ्ठा उचलला, मशीनला लावला आणि हजारच्या हजार पाठी छापून काढल्या. बाजूला त्याची कोरी रीम तशीच पडून राहिली, तिच्याकडे त्याचं लक्षही गेलं नाही.

गठ्ठे बांधायला दोघी जावा बसल्या. त्याही बोलत नव्हत्या. थोरलीला वाटलं यातले निम्मे आपल्याकडचे, धाकटीला वाटलं निम्मे आपल्याकडचे, आणि विचारायचं तर तोंड उघडावं लागलं असतं. दोघींनी पाचपाचशे घेतले, ब्राऊन पेपरात गुंडाळले, सुतळी आवळली आणि आपापल्या नवऱ्याच्या टेबलावर नेऊन ठेवले. दोघींचं लक्ष एकमेकींच्या हातांकडे होतं, पत्रकाकडे नव्हतं. थोरल्याला दहाच्या जागी पाच गठ्ठे दिसले. त्याला वाटलं, बाकीचे आधीच गेले असतील. साडेअकराला शिडीचे कार्यकर्ते येऊन थोरल्याच्या टेबलावरचे जुन्या वस्तीत आणि धाकट्याच्या टेबलावरचे नव्या वसाहतीत घेऊन गेले.

*

स्वयंपाकघरात मात्र बोलण्याशिवाय गत्यंतर नव्हतं, कारण मीठ एकच होतं.

"जाऊबाई, तुम्ही तर आता मोकळ्या व्हाल," धाकटी भाजी ढवळत म्हणाली. "खालचं सगळं तुमचं."

"आणि वरचं तुझं. वर उजेड छान येतो."

"उजेड येतो, पण जिना उभा आहे. वन्संना तो झेपायचा नाही. त्या तुमच्याकडेच बऱ्या."

थोरलीने झारा खाली ठेवला. "अगं, वन्सं मला काही जड नाहीत. पण आमच्याकडे मशीनचा आवाज. त्यांना वाचायला शांतता लागते. तुझ्याकडेच त्यांचं जमेल."

"मला तर त्या बहिणीसारख्या."

"मला आईसारख्या."

"मग आईला कुणी सोडतं का, जाऊबाई?"

थोरलीने झारा पुन्हा उचलला. वन्संवर तिचा जीव होता हे खोटं नव्हतं. बाळंतपणात महिनाभर उशाशी बसल्या होत्या त्या. पण चाळीस वर्षं एका चुलीवर दोघींचा स्वयंपाक केल्यावर स्वतःचं एक लहानसं स्वयंपाकघर असावं, कुणाला न विचारता त्यात मीठ घालावं, एवढीच तिची इच्छा होती आणि वाटणीत ती पुरी होणार होती. त्यात आणखी एक माणूस आलं की पुन्हा दोन चवी आल्या.

दाराशी ताई उभी होती. ती पाणी प्यायला आली होती, आणि आपण बहिणीसारख्या आहोत आणि आईसारख्या आहोत आणि दोघींनाही नको आहोत, हे तिने ऐकलं. पाणी न पिताच ती मागे वळली.

वकिलाचा मसुदा तिच्या टेबलावर आला होता, कारण तो याच छापखान्यात टाईप झाला होता आणि रीत ती रीत. तिने भिंग लावून तो सकाळीच वाचला होता. मशीन थोरल्याला. कटिंगचं यंत्र धाकट्याला. खालचा मजला, वरचा मजला, कोठार, टेबलं, खुर्च्यासुद्धा. सातव्या कलमात लिहिलं होतं: बहिणीने सहा महिने थोरल्याकडे आणि सहा महिने धाकट्याकडे राहावे. खुर्च्यांच्या कलमानंतर लगेच. खुर्च्यांना निदान सहा महिन्यांनी जागा बदलायची नव्हती.

तिने त्या कागदावर "वाचले" लिहिलं नाही. तिचं वय अडुसष्ट होतं, आणि आपल्याला आता भीती वाटते आहे हे तिला स्वतःशी कबूल करावं लागलं.

*

जेवायला सगळे एकाच टेबलावर बसले, एका टोकाला थोरल्याचं कुटुंब, दुसऱ्या टोकाला धाकट्याचं, मधोमध ताई. छापखानेवाल्यांच्या घरी गरम भांड्यांखाली काही विकतचं लागत नाही. शाई पसरलेले, वाकडे छापलेले कागद रोजच उरतात. धाकटीने आजचीच दोन-चार खराब पत्रकं आणून भाजीच्या पातेल्याखाली सारली होती.

ताईची एक खोड होती. समोर अक्षर दिसलं की ते वाचल्याशिवाय तिला राहवत नसे. औषधाच्या बाटलीपासून बसच्या तिकिटापर्यंत काहीही. तिने पातेलं जरा सरकवलं.

"'पुन्हा वाजतील टोले,'" तिने वाचलं. "'आपल्या वाडवडिलांचा आवाज दाबणाऱ्यांना धडा शिकवा. शिडीला मत द्या.' हे कधी छापलं? माझ्याकडे आलं नाही."

थोरला एकदम भाजी घ्यायला वाकला. धाकट्याने सगळ्यांकडे असं पाहिलं की आता तुम्हाला कळलं ना हा कसा आहे.

"घ्या," धाकटा ताईला म्हणाला. "त्याला सांग, चोरून पत्रकं छापतोस ती छाप, पण—"

"थांब." ताईने पातेलं उचललं आणि कागद उलटा केला. "'ना टोले, ना गोंगाट. झोप हा प्रत्येकाचा हक्क. तो हिरावणाऱ्यांना धडा शिकवा. शिडीला मत द्या.'" तिने भिंग लावून पाहिलं. "कागद एकच आहे. शिडीही एकच आहे. धडा मात्र दोघांनाही शिकवायचा आहे."

जावईबापूंचा घास तोंडातच राहिला.

थोरल्याने कागद हिसकावून घेतला. एकदा इकडून पाहिला, एकदा तिकडून. आणि पंधरा दिवसांनंतर तो पहिल्यांदा सरळ भावाकडे बघून बोलला. "तू माझ्या कामाची पाठ छापलीस?"

"तू डाव्या टेबलावर ठेवलंस."

"उजवं भरलेलं होतं."

"मग माझ्यासाठी कोरी बाजू वर का?"

"तुला दिसू नये म्हणून."

"मला न दिसण्यासाठी तू पाठ छापायची खूण केलीस? तीस वर्षं एक खूण आहे आपली, दादा. एक."

"विचारायचं ना मग, पाठ का म्हणून."

"कुणाला विचारू? तू बोलत होतास का?"

आवाज चढले, पण दोघींच्याही लक्षात आलं की हे भांडण वेगळं आहे. थोरली आणि धाकटी एकमेकींकडे बघून हसल्या आणि मग आठवण होऊन गंभीर झाल्या. भांडत भांडत भावांचं लक्ष शेवटी जिथे जायला हवं होतं तिथे गेलं.

"जावईबापू," धाकटा हळू आवाजात म्हणाला, "हा मजकूर तुम्ही मला दिलात."

"आणि तो मला," थोरला म्हणाला.

जावईबापूंनी घास गिळला. ते हुशार होते, आणि हुशार माणसाची चोरी पकडली गेली की तो समजावून सांगू लागतो. "बाबा, काका, हे असंच असतं. खड्ड्यावर सगळ्यांचं एकमत आहे. एकमताचा निवडणुकीत काय उपयोग? एकमताने मत मागायला गेलं तर लोक विचारतात, खड्डा खणला कोणी? म्हणून असा प्रश्न शोधावा लागतो, ज्यावर घराघरात दोन तट पडतील. मग प्रत्येक तटाला वाटतं की आपला शत्रू शेजारी राहतो."

"आणि हा टोल्यांचा प्रश्न तुम्ही शोधलात कुठे?" ताईने विचारलं.

जावईबापूंनी पाण्याचा पेला उचलला. त्यांच्या शेजारी त्यांची बायको बसली होती आणि ती नवऱ्याला ओळखून होती.

"सांग ना," ती म्हणाली. "कुठे शोधलास?"

"चाचणी घ्यावीच लागते. कुठेतरी."

"कुठे?"

"तीन आठवड्यांपूर्वी आपण चहाला आलो होतो..."

टेबलावर सगळे आठवू लागले. जावईबापूंनी त्या दिवशी खरंच गप्पांच्या ओघात बरंच काय काय विचारलं होतं. खड्ड्याचं विचारलं, सगळ्यांनी एका सुरात शिव्या दिल्या. बसचं विचारलं, पाण्याचं विचारलं. आणि मग सहज, कप खाली ठेवता ठेवता, चौकातलं घड्याळ दुरुस्त झालं तर रात्री टोले असावेत का?

"दहा मिनिटांत बाबा आणि काका उभे राहिले होते," जावईबापू म्हणाले, आणि त्यांच्या आवाजात नकळत कौतुक आलं. "मी इतक्या ठिकाणी चाचण्या घेतल्या आहेत, पण इतकी स्वच्छ फूट मी पाहिली नव्हती. त्याच दिवशी मी डॉक्टरांना फोन केला."

"तू माझं माहेर चाचणीला वापरलंस," लेक म्हणाली.

"मी फक्त विचारलं. भांडलो का मी? भांडण त्यांचं त्यांनी केलं."

हे खरं होतं, आणि खरं होतं म्हणूनच कुणाला सहन झालं नाही. थोरला पाण्याच्या पेल्याकडे बघत राहिला. अकरा वर्षांत त्याला एकदाही टोल्यांची आठवण आली नव्हती, आणि वडील पाचच्या टोल्याला उठायचे की आईने हलवल्यावर, हेही त्याला नक्की आठवत नव्हतं.

तेवढ्यात जावईबापूंचा फोन वाजला. डॉक्टर होते. दातांच्या डॉक्टरांना लोकांची तोंडं उघडी ठेवून बोलायची सवय, त्यामुळे आवाज टेबलभर ऐकू आला. पत्रकं फारच गाजली होती. जुन्या वस्तीत लोक म्हणत होते, अखेर आपला माणूस मिळाला. नव्या वसाहतीत एका बाईंनी पत्रक दारावर चिकटवलं होतं.

"उलटून कुणी पाहिलं नाही?" जावईबापूंनी विचारलं.

"एका निवृत्त मास्तरांनी पाहिलं," डॉक्टर म्हणाले. "ते म्हणाले, छापखान्याने चुकून विरोधकांचं पत्रक मागे छापलंय, त्यांना जाब विचारा. त्यांनी ती बाजू पेनने खोडली सुद्धा. बरं, आणखी हजार मिळतील का? अशीच. पाठपोट."

फोन बंद झाला. मग थोरला हसायला लागला, धाकटा हसायला लागला, थोरली तोंडाला पदर लावून हसली, आणि जावईबापूंनाही वाटलं की आपणही हसावं, पण बायकोकडे बघून त्यांनी तो विचार सोडला.

"काय लोक असतात," थोरला डोळे पुसत म्हणाला. "कुणी कागद उलटायला तयार नाही."

"आपणच काय वेगळे होतो," धाकटा म्हणाला. "पण दादा, एक सांगू का, राग मानू नकोस. जावईबापूंनी कशासाठी का विचारलं असेना, रात्री टोले नकोतच."

थोरल्याचं हसू आवरलं. "नकोत कसे?"

"नकोत म्हणजे नकोत. झोपेचं नाव काढलं की तुला कळतच नाही."

"आणि तुला घराच्या रीतीचं काही कळत नाही. बरं झालं, कागद तयार आहे. जेवण उरका."

"उरकलंच आहे माझं."

दोघांनी हात धुतले. थोरली ताटं उचलू लागली, कारण आता बोलून उपयोग नव्हता. लेकीने मसुदा आणून टेबलावर ठेवला, आणि थोरल्याने खिशातून पेन काढलं. सगळं उघडं पडलं होतं आणि काहीही बदललं नव्हतं.

"एक राहिलंय," ताई म्हणाली.

"चूक आहे का कुठे?" थोरल्याने विचारलं.

"सातवं कलम मला मान्य नाही. मी सहा-सहा महिने कुणाकडे राहणार नाही. मला माझा हिस्सा हवा."

धाकट्याला वाटलं, आपण नीट ऐकलं नाही. "कसला हिस्सा?"

"वडिलांना तीन मुलं होती. तिसरा हिस्सा. प्रत्येक गोष्टीचा."

"ताई, प्रत्येक गोष्टीचा कसा देता येईल?" थोरला म्हणाला. "मशीनचे काय तीन तुकडे करायचे?"

"हो. मधला माझा. रोलर आहेत तो. पुढचा त्याला दे, मागचा तू घे. कटिंगच्या यंत्राचं मला फक्त पातं पुरेल. आणि जिन्याच्या मधल्या सात पायऱ्या माझ्या. वर-खाली जाताना मला विचारत जा."

"रोलर नसले तर ते मशीन कसलं?" धाकटा म्हणाला. "लोखंड विकायला काढायचं का? आणि तू रोलर घेऊन करणार काय?"

"उशाशी ठेवीन. ते नुसते असले की आवाज करत नाहीत, झोप लागेल."

"दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ तो हाच," धाकटी पुटपुटली, पण तिच्या बोलण्यात राग नव्हता. थोरलीने ताईकडे नीट पाहिलं. वन्संचा आवाज अगदी शांत होता, पण मांडीवरच्या हातात भिंग घट्ट धरलेलं होतं. थोरली ताटं तशीच ठेवून त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर येऊन बसली आणि तिने तो हात आपल्या हातात घेतला. सकाळी स्वयंपाकघरात आपण काय बोललो ते आठवून तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"ताई," थोरला म्हणाला, "चाळीस वर्षांत तू कधी हिश्श्याचं नाव काढलं नाहीस. आजच का?"

ताईने मसुदा पुढ्यात ओढला, सातव्या कलमावर बोट ठेवलं, मग तो परत त्यांच्याकडे सारला.

"चाळीस वर्षं तुम्ही दोघं मिळून एक होतात," ती म्हणाली. "त्या एकातच मी होते. वेगळं काय मागायचं? आता तुम्ही दोन झालात, म्हणून मला तिसरी व्हावं लागतंय. मला नको होतं व्हायला."

जावईबापू कुणी न सांगताच उठून बाहेर पायरीवर जाऊन बसले. थोरल्याने पेनाचं टोपण लावलं. धाकट्याने मसुदा उचलला, चार घड्या घातल्या, तो फाडावा की ठेवावा ते त्याला कळेना, म्हणून खिशात ठेवून दिला.

"मशीन सकाळपासून तसंच आहे," तो थोरल्याला म्हणाला. "शाई वाळेल."

"चल," थोरला म्हणाला.

आणि दोघे भाऊ केरोसीनचा डबा आणि फडकी घेऊन रोलर पुसायला गेले. आज ते जरा जास्तच जपून पुसत होते, कारण आता ते बहिणीचे होते.